रिकामी शवपेटी, भरलेली कॅनोपिक पेटी: राणी हेतेफेरेसच्या दफनाचे प्रकरण

पार्श्वभूमी

फेब्रुवारी 1925. गिझाला खुफूच्या महापिरॅमिडच्या पूर्वेकडे हार्वर्ड विद्यापीठ आणि बोस्टनचे ललित कला संग्रहालय यांच्या संयुक्त मोहिमेचे काम चालू होते. मोहिमेचे प्रमुख जॉर्ज रीझनर तेव्हा अमेरिकेत होते आणि जागेवरची जबाबदारी अ‍ॅलन रो यांच्याकडे होती. मोहिमेचे इजिप्शियन छायाचित्रकार मोहम्मदानी इब्राहीम कॅमेऱ्याची तिवई लावत असताना तिच्या एका पायाखाली खडकाऐवजी गिलावा लागला. गिलावा काढल्यावर खडकात कोरलेल्या पायऱ्या निघाल्या आणि पुढे दगडांनी ठासून बुजवलेली एक उभी विहीर लागली. तिची खोली सुमारे 27 मीटर. वर चौथरा, देऊळ, शिलालेख असे खूण म्हणावे असे काहीही नव्हते.

विहीर उपसताना वाटेत भिंतीत एक कोनाडा लागला. त्यात चटईत गुंडाळलेले बैलाचे डोके आणि तीन पाय होते. म्हणजे विहीर बुजवताना कुणीतरी रीतसर नैवेद्य ठेवला होता. तळाशी जेमतेम 5 मीटर लांबीची, उंचीला बेताची खोली होती. आत अलाबास्टर या फिकट रंगाच्या दगडाची शवपेटी, तिच्या झाकणावर आणि भोवती सोन्याचे पत्रे, दांडे, मडक्यांची खापरे, तांब्याची हत्यारे, आणि सगळ्यांवर कुजलेल्या लाकडाचा भुसा.

खोली कुणाची, याचा उलगडा पुढे सामानावरच्या अक्षरांनी केला. पालखीवजा खुर्चीच्या आबनुसी पट्ट्यांवर सोन्याची चित्रलिपी जडवलेली होती. तिच्यात ‘राजमाता’ ही पदवी होती, जिची प्रत्येक आज्ञा पाळली जाते असे तिचे वर्णन होते आणि हेतेफेरेस हे नाव होते. हेतेफेरेस ही चौथ्या राजवंशातल्या स्नेफ्रूची राणी आणि खुफूची आई. काळ ढोबळमानाने इसवी सनापूर्वी 2600 च्या आसपास.

या प्रकरणाचा कणा कॅनोपिक पेटी, म्हणजे मृताचे काढलेले अवयव ठेवायची पेटी आहे, म्हणून तिच्याबद्दल आधी थोडे. मृतदेह टिकवायचा तर जे आधी नासते ते आधी बाहेर काढावे लागते. इजिप्शियन कारागीर डाव्या कुशीत छेद देऊन यकृत, फुफ्फुसे, जठर आणि आतडी काढून घेत. हृदय मात्र शरीरातच ठेवत, कारण विचार आणि स्मृती तिथेच राहतात अशी समजूत होती. काढलेले अवयव नॅट्रॉनने सुकवत. नॅट्रॉन म्हणजे वाळवंटातल्या आटलेल्या तळ्यांच्या काठावर मिळणारा, आपल्या पापडखाराच्या जातकुळीतला क्षार. असे अवयव ठेवायची भांडी म्हटली की वाचकांच्या डोळ्यांसमोर येतात ते माणूस, वानर, कोल्हा आणि ससाणा अशा चार डोक्यांचे कुंभ. ते होरस देवाचे चार पुत्र: इम्सेतीकडे यकृत, हापीकडे फुफ्फुसे, दुआमुतेफकडे जठर आणि केबेहसेनुएफकडे आतडी. पण ही चार वेगवेगळी डोकी हेतेफेरेसनंतर हजारभर वर्षांनी, नवसाम्राज्याच्या काळात रूढ झाली. तूतनखामुनच्या कबरीत तर चार चिमुकल्या सोन्याच्या शवपेट्या अलाबास्टरच्या पेटीत आणि ती पेटी सोनेरी देव्हाऱ्यात, असा थाट होता. हेतेफेरेसच्या वेळी कुंभसुद्धा नव्हते. होती ती एकाच दगडात चार खण कोरलेली साधी चौकोनी पेटी.

अडचण काय होती

पहिली अडचण हाताची होती. लाकूड कुजून गेले होते, त्यावरचे सोन्याचे पत्रे तेवढे उरले होते, आणि ते 4500 वर्षांपूर्वी जसे कोसळले तसेच एकमेकांत गुंतून पडले होते. एक पत्रा उचलला की त्याखालच्या दोन गोष्टींचे आपसातले नाते कायमचे गेले. शिवाय बातमी फुटली होती. तूतनखामुनची कबर सापडून तीन वर्षेही झाली नव्हती, त्यामुळे वर्तमानपत्रांना नवे सोने हवेच होते. सामानावर स्नेफ्रूचे नाव दिसल्यावर कबर स्नेफ्रूचीच अशी आवई उठली, ती रीझनरना अमेरिकेतून खोडून काढावी लागली.

दुसरी अडचण विचाराची होती आणि ती काम पुढे गेल्यावर उघडी पडली. 3 मार्च 1927 रोजी मोजक्या पाहुण्यांसमोर शवपेटीचे झाकण उचलले गेले. आत काही नव्हते. विहीर तर प्राचीन काळापासून बंद होती, कुणी चोर शिरल्याची वाट नव्हती. मग राणी गेली कुठे?

यानंतर लक्ष गेले ते खोलीच्या पश्चिमेकडच्या भिंतीतल्या, गिलावा करून बंद केलेल्या कोनाड्याकडे. तो उघडल्यावर लाकडी घसरगाडीवर ठेवलेली अलाबास्टरची कॅनोपिक पेटी निघाली. चारही खणांत कापडात गुंडाळलेल्या पुरचुंड्या होत्या. तीन खणांत अजून द्रव होता. चौथा कोरडा होता, त्यात सेंद्रिय पदार्थाचे अवशेष तेवढे होते. रसायनतज्ज्ञ आल्फ्रेड लुकस यांनी द्रव तपासला, तेव्हा तो नॅट्रॉनचे सुमारे 3 टक्के द्रावण निघाला.

माझ्या मते प्रकरणाची खरी गाठ इथे आहे. या कबरीविषयी लिहिणारे बहुतेक जण ‘शवपेटी रिकामी का’ या प्रश्नापाशी घुटमळतात. रिकामी शवपेटी इजिप्तमध्ये नवलाची नाही, चोरांनी शेकडो रिकाम्या केल्या आहेत. शरीर नाही आणि त्याच शरीरातले अवयव मात्र मोहोरबंद, जागच्या जागी, आपल्याच द्रावणात बुडालेले, हे नवलाचे आहे. त्यामुळे कोणताही सिद्धान्त तपासायचा तर आधी या पेटीसमोर उभा करून तपासायला हवा.

निर्णयाचा पहिला टप्पा: घाई की संथपणा

मोहिमेपुढे तीन वाटा होत्या. मौल्यवान वस्तू चटकन उचलून सुरक्षित कराव्यात आणि बाकीचे नंतर पाहावे. किंवा शवपेटीपर्यंत एक वाट मोकळी करून ती आधी उघडावी. जगाची उत्सुकता तिथेच होती. किंवा दारापासून सुरुवात करून इंच-इंच नोंदवत जावे आणि शवपेटीची पाळी येईल तेव्हा येईल.

रीझनरनी तिसरी वाट धरली. ते परतेपर्यंत खोलीतले मोठे काम थांबवून ठेवण्यात आले. नंतर खोलीचे तुकडे पाडून प्रत्येक थराचे नकाशे आणि छायाचित्रे घेत, चिमट्याने आणि ब्रशने, कधी फळ्यांवर पालथे पडून काम झाले. शवपेटी सुमारे दोन वर्षे डोळ्यांसमोर असून उघडली गेली नाही.

याचे फळ फर्निचरच्या बाबतीत चोख मिळाले. पत्र्यांच्या आतल्या बाजूला उरलेले लाकडाचे ठसे, खाचांच्या जागा आणि पडण्याची दिशा यांवरून राणीचा पलंग, दोन खुर्च्या, पालखी आणि मंडपाचा अख्खा सांगाडा नव्या लाकडावर मूळ सोने चढवून पुन्हा उभा करता आला. मंडपाच्या दाराच्या चौकटीवर स्नेफ्रूची नावे आणि पदव्या आहेत, म्हणजे ही नवऱ्याने दिलेली भेट. एका पेटीत 20 चांदीची कंकणे होती, त्यांवर पिरोजा, लाजवर्द आणि रक्ताश्म यांची फुलपाखरे जडवलेली. त्या काळी इजिप्तमध्ये चांदी सोन्यापेक्षा दुर्मिळ. 2023 मध्ये प्रसिद्ध झालेल्या विश्लेषणात या चांदीचा उगम एजियन समुद्रातल्या बेटांकडे दाखवण्यात आला. शंभर वर्षांपूर्वी नीट उचलून ठेवलेल्या वस्तूलाच असा प्रश्न आज विचारता येतो.

निर्णयाचा दुसरा टप्पा: शवपेटी रिकामी निघाल्यावर

आता अर्थ लावायचा होता. रीझनरनी पुराव्यांची जुळणी अशी केली. सामान उलट्या क्रमाने आणि घाईने रचलेले दिसते. शवपेटीच्या कडेला टवके उडालेले आहेत, म्हणजे झाकण आधी कधीतरी पहारीने उचकटले गेले असावे. खोली अपुरी कोरलेली आहे, वर काही बांधकाम नाही. तेव्हा राणीचे मूळ दफन दहशूरला, नवऱ्याच्या पिरॅमिडजवळ झाले असणार. तिथे चोर शिरले, अंगावरच्या दागिन्यांसाठी शरीरच घेऊन गेले. उरलेले सामान खुफूने आपल्या पिरॅमिडच्या सावलीत गुप्तपणे पुन्हा पुरून घेतले. शरीर गेले आहे हे राजाला सांगायची कुणाची छाती झाली नाही, म्हणून रिकामी शवपेटी झाकण लावून पुरली गेली.

गोष्ट रंगतदार आहे, त्यामुळे ती टिकली. दरबारी माणूस राजाला अप्रिय बातमी देत नाही, हे पटायला कुणालाच जड जात नाही. पण दहशूरला अशी कबर सापडलेली नाही, आणि राजाला फसवल्याचा कुठलाही लेखी पुरावा नाही. हा भाग निव्वळ तर्काचा आहे.

पुरातत्त्वज्ञ मार्क लेहनर यांनी 1985 मध्ये वेगळी मांडणी केली. त्यांच्या मते विहिरीतली खोली हेच राणीचे पहिले दफन. तिच्यावर एक छोटा पिरॅमिड उभारायचा बेत होता, पण आराखडा बदलला. शेजारीच पश्चिमेला राण्यांच्या तीन पिरॅमिडांपैकी उत्तरेकडचा, जी1-ए म्हणून ओळखला जाणारा पिरॅमिड उभा राहिला आणि राणीचे शरीर तिकडे हलवण्यात आले. जुने सामान खालीच राहिले. या मांडणीत चोर नको, दहशूर नको, भेदरलेला मंत्रीही नको.

दोन्ही सिद्धान्त पेटीसमोर

रीझनरच्या बाजूने सांगायचे तर पेटी त्यांना एका अर्थी मदतच करते. चोराला अवयवांत रस नसतो. आतड्यांना सोन्याची अंगठी घातलेली नसते. त्यामुळे शरीर गेले आणि पेटी राहिली हे सहज घडू शकते. पुरणाऱ्यांना राणी शवपेटीत आहे असे वाटत असेल, तर त्यांनी अवयवांसाठी वेगळा कोनाडा करून तो बंद करणेही सुसंगत आहे.

गाडे अडते ते द्रवापाशी. दहशूर ते गिझा हे अंतर सुमारे 20 किलोमीटर. कोरलेला दगड, त्यावर सपाट झाकण, मातीची मोहोर, आत पातळ द्रावण. नदीमार्गे होडीतून आणि मग घसरगाडीवरून ओढत आणायचे, विहिरीत 27 मीटर खाली सोडायचे, तेही खणांतला द्रव न सांडता. अशक्य नाही, पण ज्या माणसांनी पलंगाचे दांडे कसेही टाकले त्यांनी ही एक पेटी समतोल धरून आणली असे मानावे लागते. द्रावण गिझालाच भरले म्हणावे, तर पुरचुंड्या पुन्हा हाताळल्या गेल्या. मग शवपेटीत डोकावायचे तेवढे राहून गेले, हे विचित्र वाटते.

लेहनरच्या मांडणीत द्रवाचा प्रश्न सुटतो. पेटी पहिल्या आणि एकमेव वेळी खाली आली, कोनाड्यात बसली, गिलावा झाला. इथे दुसरीकडे अडते. राणीला सन्मानाने नव्या पिरॅमिडात नेणाऱ्यांनी तिचे यकृत आणि फुफ्फुसे मागे का ठेवली? पलंग नवा करता येतो, खुर्ची नवी करता येते, आतडी नवी करता येत नाहीत. ज्या समजुतीपायी हे अवयव एवढ्या निगुतीने जपले, तिच्याच विरुद्ध हे वर्तन आहे. बंद कोनाडा दिसला नसेल, असे एक उत्तर देता येते. दिव्याच्या उजेडात गिलावा केलेली भिंत भिंतीसारखीच दिसते. पण दफन करणारे आणि हलवणारे एकाच दरबारचे लोक असतील आणि मध्ये फार काळ गेला नसेल, तर कोनाडा आहे हे त्यांना ठाऊक असायला हवे.

माझा कल लेहनरकडे आहे, कारण तिथे एकच विसर किंवा हयगय गृहीत धरावी लागते. रीझनरकडे अख्खी कबर, चोरी आणि कट गृहीत धरावा लागतो. तरीही हा कल आहे, निकाल नव्हे.

3 टक्क्यांचा प्रश्न

द्रावणाचा मुद्दा वेगळा काढतो, कारण त्याचा परिणाम या कबरीपुरता राहिला नाही. शरीर नॅट्रॉनच्या पाण्यात भिजवत की कोरड्या नॅट्रॉनमध्ये पुरत, यावर तेव्हा वाद होता. ही पेटी भिजवण्याच्या बाजूचा पुरावा म्हणून वापरता आली असती. लुकस मात्र कोरड्या नॅट्रॉनच्या मताचे राहिले आणि नंतरच्या प्रयोगांनीही तेच मत बळकट केले. आकडा पाहिला की कारण कळते. समुद्राच्या पाण्यात साधारण साडेतीन टक्के क्षार असतात. त्याहून पातळ द्रावणात मांसातले पाणी ओढून घ्यायची ताकद फारशी नाही. तेव्हा अवयव आधी कोरड्या क्षारात सुकवून, गुंडाळून, मग द्रावणात ठेवले असणे जास्त संभवते. द्रावणाचा हेतू टिकवण्यापेक्षा शुद्धीचा असू शकतो, कारण नॅट्रॉन इजिप्तमध्ये तोंड धुण्यापासून देवळातल्या शुद्धीपर्यंत सगळीकडे वापरले जाई.

राजघराण्याच्या पातळीवर अवयव वेगळे काढून ठेवल्याचा हा सर्वांत जुना भक्कम पुरावा मानला जातो. पुढच्याच पिढ्यांत खुफूची नात मेरेसांख तिसरी हिच्या गिझाच्या कबरीत वेगळे कुंभ दिसतात. म्हणजे हेतेफेरेसची पेटी पद्धत घडत असतानाची आहे. एका नमुन्यावरून, आणि तोही प्रयोगाच्या काळातला, पुढच्या अडीच हजार वर्षांचा नियम काढणे धोक्याचे होते. लुकसनी ते टाळले.

निष्पत्ती

सामान कैरोच्या संग्रहालयात गेले आणि त्याच्या प्रतिकृती बोस्टनला आहेत. रीझनर 1942 मध्ये वारले तेव्हा अंतिम अहवाल छापून झालेला नव्हता. तो विल्यम स्टीव्हन्सन स्मिथ यांनी पूर्ण केला आणि 1955 मध्ये प्रसिद्ध झाला. मधल्या तीसएक वर्षांत रीझनरची गोष्ट लेखांतून, व्याख्यानांतून इतकी पसरली होती की अहवाल आला तेव्हा वाचकांना निष्कर्ष आधीच पाठ होता. नोंदी इतक्या काटेकोर असूनही त्यांच्या आधारे रीझनरना जोरदार आव्हान मिळायला 1985 उजाडावे लागले. गंमत अशी की लेहनरना ते आव्हान देता आले ते बऱ्याच अंशी रीझनरच्याच नोंदींवर.

वेगळे काय करता आले असते

नोंदी आणि अर्थ यांचे वेळापत्रक वेगळे ठेवायला हवे होते. खोलीत प्रत्येक खापराला दोन वर्षे दिली, पण शवपेटी रिकामी निघाल्यावर स्पष्टीकरण फार लवकर ठाम झाले. ‘चोरी आणि पुनर्दफन’ हा एक पर्याय म्हणून, त्याच्या विरुद्ध जाणाऱ्या बाबींसह छापला असता तर पुढची चर्चा लवकर सुरू झाली असती.

भिंतींची तपासणी शवपेटीच्या आधी पुरी करणे बरे झाले असते. बंद कोनाडा आधी उघडला असता तर 3 मार्चला पाहुणे एका अवयवपेटीच्या पार्श्वभूमीवर शवपेटीकडे पाहत असते, आणि ‘राणी इथे कधीच नव्हती’ हा विचार इतक्या सहज रुजला नसता.

पेटीपुरते बोलायचे तर 1927 ची साधने लक्षात घेता द्रवाचे विश्लेषण करून घेणे हेच पुष्कळ होते. आज अशी मोहोरबंद पेटी हाती आली तर झाकण उचलण्याआधी तिचे सीटी स्कॅन होईल, आतल्या हवेचा नमुना घेतला जाईल, प्रत्येक खणातल्या द्रवाची पातळी आणि दगडावर उमटलेल्या जुन्या पातळीच्या रेषा मोजल्या जातील. या रेषाच इथे सर्वांत बोलक्या ठरल्या असत्या. चौथा खण झिरपून हळूहळू आटला असेल तर क्षाराच्या एकाखाली एक आडव्या कडा दिसतील. वाहतुकीत सांडला असेल तर डाग तिरपे आणि वरपर्यंत असतील. मुळात भरलाच नसेल तर रेषाच नसेल. तीन शक्यतांपैकी दुसरी निघाली तर दहशूरला बळ मिळते, पहिली निघाली तर ते घटते. पुरचुंड्यांतल्या प्रथिनांवरून कोणता अवयव कोणत्या खणात होता हेही आता ओळखता येऊ शकते. त्यावरून होरसच्या चार पुत्रांच्या आधीही खणांची वाटणी ठरलेली होती का, हे तपासता येईल.